सांबारात काय असतं? तंजावरमधल्या एका पायी फेरीचं प्रकरण

ही घटना आमच्याच फेरीतली आहे. सहभागी लोक, खानावळ आणि मार्गदर्शक यांची ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत. घटनाक्रम मात्र जसा घडला तसाच ठेवला आहे, आमची चूकही जशी झाली तशीच.

पार्श्वभूमी

आम्ही दोघी मैत्रिणी मिळून छोट्या गटांसाठी वारसा आणि खाद्यपदार्थांच्या पायी फेऱ्या काढतो. तंजावर आमच्या यादीत बऱ्याच दिवसांपासून होतं. मराठी माणसाला तिथं न्यायचं तर वेगळं कारण सांगावं लागत नाही. शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजी यांनी १६७५-७६ च्या सुमारास तंजावर घेतलं आणि १८५५ पर्यंत तिथं भोसल्यांचं घराणं होतं. राजवाड्याच्या आवारातल्या सरस्वती महाल ग्रंथालयात मोडी कागदांचे गठ्ठे आहेत. राजराज चोळाने बांधलेल्या आणि १०१० मध्ये पूर्ण झालेल्या बृहदीश्वराच्या प्राकारात १८०३ साली कोरलेला भोसले घराण्याचा मराठी इतिहास आहे. हजार वर्षांच्या चोळ मंदिरात तमिळ शिलालेखांच्या शेजारी एकदम ओळखीची अक्षरं दिसतात, तेव्हा माणसं गप्प होतात. मी हे दोनदा पाहिलं होतं आणि आपल्या लोकांना ते दाखवायचं मनात होतं.

गट अठरा जणांचा होता. वय वर्षं चोवीस ते त्र्याहत्तर. स्थानिक मार्गदर्शक म्हणून तंजावरी मराठी घरातल्या एक ताई होत्या. तीनशे वर्षं तमिळ मुलखात मुरलेली मराठी त्या बोलतात. पहिली दहा मिनिटं कान लावून ऐकावं लागतं, मग त्या भाषेची गोडी लागते.

फेरीचा आराखडा असा होता: सकाळी सातला राजवाड्याजवळच्या एका जुन्या खानावळीत नाश्ता, मग राजवीथींमधून चालत राजवाडा, दरबार हॉल, चोळ काळातल्या पंचधातूच्या मूर्तींचं दालन आणि सरस्वती महालाचं संग्रहालय. त्यानंतर कॉफी आणि अशोका हलवा, शिवगंगा तलावाकडून श्वार्ट्झ चर्च आणि शेवटी बृहदीश्वर. राजवाड्यापासून मंदिर साधारण दीड किलोमीटर. मंदिर शेवटी ठेवलं ते मुद्दाम. मराठी शिलालेखापाशी फेरी संपावी, असं मला वाटत होतं. हा निर्णय सर्वस्वी माझा होता आणि त्याची किंमत पुढे येईलच.

गटात एक सव्वीस वर्षांची मुलगी होती, आईसोबत आलेली. चार वर्षांपूर्वी तिला सीलिअॅकचं निदान झालं होतं. गहू, जव यांतलं ग्लूटेन नावाचं प्रथिन पोटात गेलं की तिच्या शरीराची प्रतिकारयंत्रणा लहान आतड्याच्या अस्तरावरच हल्ला करते. यावर औषध नाही. आयुष्यभर ग्लूटेन टाळणं हाच उपचार. नोंदणीच्या फॉर्मवर आईनं स्पष्ट लिहिलं होतं: "सीलिअॅक. गहू, मैदा, रवा, जव अजिबात नाही." मी आमच्या तक्त्यात ते उतरवताना लिहिलं, "चपाती नको."

ही मुलगी सहा महिने मोडी शिकली होती. तंजावरला यायचं त्यामागचं तिचं कारण तेच होतं.

नाश्त्याच्या वेळी काय झालं

दक्षिणेत तांदूळच तांदूळ, त्यामुळे हिला काही अडचण नाही, असं मी गृहीत धरलं होतं. निघण्याच्या आदल्या आठवड्यात तिला निरोपही पाठवला होता की नाश्ता तुला चालेल असाच आहे. खानावळीला मी फोन केला होता, पण तो किती माणसं आणि किती वाजता एवढ्यापुरताच.

केळीच्या पानावर इडली, पोंगल, वडा आला. बादलीतून सांबार आलं आणि कोणीतरी म्हणालं, "हे आपलं बरं का!" तिथून विषय पेटला. गोष्ट सगळ्यांना माहीत असते. व्यंकोजींचे पुत्र शहाजी यांच्याकडे संभाजी महाराज पाहुणे म्हणून आले. आमटीला लागणारी आमसुलं संपली होती, म्हणून चिंच घातली, आणि पाहुण्याच्या नावावरून पदार्थाला सांबार म्हणू लागले. एका ज्येष्ठ काकांनी ती मोठ्या अभिमानानं सांगितली आणि मग ताईंकडे वळून म्हणाले, "तुम्ही इथल्याच, तुम्हीच सांगा हे खरं आहे म्हणून."

ताई थबकल्या. गटात इतिहास शिकवणारे एक सर होते, ते मध्ये पडले. शहाजी गादीवर आले १६८४ ला आणि संभाजी महाराजांची हत्या झाली १६८९ ला. त्या मधल्या वर्षांत महाराज मुघलांशी झुंजत असताना ही भेट कधी झाली, याला कागद कुठे आहे, असा त्यांचा प्रश्न होता. चिंचेची आमटी तर आपल्याकडेही होते, त्यासाठी आमसुलं संपायला कशाला हवीत, असंही ते म्हणाले. काका दुखावले. आणखी चार जण दोन्ही बाजूंना मिळाले. वाढपी बादली घेऊन ताटकळत उभा होता, बाहेर इतर गिऱ्हाइकं जागेची वाट पाहत होती.

या गदारोळात ती मुलगी माझ्याकडे वळली आणि तिनं विचारलं, "सांबार चालेल ना मला?" मी अर्धं लक्ष वादाकडे ठेवून म्हणाले, "हो गं, डाळच तर आहे."

तिनं दोनदा सांबार घेतलं. तिच्या आईनंही काही म्हटलं नाही, कारण आठवड्यापूर्वीच आम्ही लेखी सांगितलं होतं.

सांबार कोणाचं यावर अठरा माणसं पंचवीस मिनिटं बोलली. सांबारात काय आहे हे फक्त एका मुलीनं विचारलं आणि तिला मी स्वयंपाकघरात न विचारताच उत्तर दिलं.

अडचण नेमकी कुठे होती

डाळीत ग्लूटेन नसतं, चिंचेत नसतं, भाज्यांत नसतं. अडचण हिंगात होती. बाजारात डबीतून मिळतं ते शुद्ध हिंग नसतं. झाडाच्या मुळातून निघणारा हिंगाचा चीक इतका उग्र असतो की तो तसाच वापरणं अवघड. म्हणून त्यात डिंक आणि पीठ मिसळून बांधानी हिंग करतात. ते पीठ कधी तांदळाचं असतं, पण बऱ्याचदा गव्हाचं किंवा मैद्याचं असतं. डबीवर ते लिहिलेलं असतं, फक्त डबी हातात घ्यावी लागते. आपल्याकडे ग्लूटेनमुक्त म्हणून विकायच्या अन्नात ग्लूटेनची मर्यादा किलोमागे २० मिलिग्रॅम आहे. एवढ्या बारीक हिशेबापुढे "चिमूटभरच तर असतं" हे वाक्य टिकत नाही.

पुढच्या थांब्यावरचा अशोका हलवाही असाच. तिरुवैयारूकडचा हा हलवा मुगाच्या डाळीचा म्हणून ओळखला जातो आणि तो खरोखर डाळीचाच असतो. पण तुपात थोडं गव्हाचं पीठ परतून घालण्याची पद्धत आहे. सुरळी पोळीला मैदा लागतो. मुरुक्कू म्हणजे तिकडची चकली, तांदळाच्या पिठाची, पण तिच्यातही हिंग. म्हणजे आमच्या खाण्याच्या चारही थांब्यांवर तिला धोका होता आणि आमच्या तक्त्यात "चपाती नको" एवढंच होतं.

दुसरी अडचण ताईंची होती आणि ती मला उशिरा कळली. स्थानिक मार्गदर्शकाचं काम पुढच्या गटांच्या शिफारशींवर चालतं. मराठी गट आला की त्याला सांबाराची गोष्ट ऐकायचीच असते. ती नाकारली तर लोक नाराज होतात, खरी म्हणून सांगितली तर त्यांना स्वतःला पटत नाही. आम्ही त्यांच्याशी मार्ग ठरवला होता, वेळा ठरवल्या होत्या, पण कोणती गोष्ट कशी सांगायची हे एका शब्दानं बोललो नव्हतो. त्यामुळे भर पंगतीत अठरा माणसांसमोर त्या एकट्या पडल्या.

निर्णयाची वेळ आणि समोरचे पर्याय

सव्वादहाच्या सुमारास आम्ही सरस्वती महालाच्या संग्रहालयात होतो. तंजावरच्या भोसल्यांपैकी सर्फोजी राजांच्या धन्वंतरी महाल या वैद्यकशाळेतल्या नेत्ररुग्णांच्या नोंदी आणि डोळ्यांची रंगीत चित्रं ताई दाखवत होत्या. ती मुलगी भिंतीला टेकून खाली बसली. पोटात कळा येत होत्या, मळमळत होतं. तिनंच शांतपणे विचारलं, "त्या सांबारात हिंग होतं का?" मला त्या क्षणी कळलं की उत्तर मला माहीत होतं, फक्त मी तसा विचारच केला नव्हता.

तीन रस्ते दिसत होते. सगळ्यांनी थांबायचं आणि फेरी तिथंच संपवायची. किंवा तिला आईबरोबर रिक्षानं हॉटेलवर पाठवायचं आणि गटानं पुढे जायचं. किंवा थेट रुग्णालय गाठायचं. आईनं त्यांच्या नेहमीच्या डॉक्टरांना फोन लावला. त्यांनी सांगितलं की आधी आराम द्या, जलसंजीवनी घोट घोट पाजा. उलट्या थांबेनात, लघवी कमी झाली किंवा चक्कर येऊ लागली तर वाट न पाहता रुग्णालयात न्या. त्यामुळे हॉटेलचा निर्णय झाला.

बरोबर कोणी जायचं यावर आमच्या दोघींमध्ये कुजबुज झाली. चूक माझी, म्हणून मला जायचं होतं. पण आईनं माझ्या मैत्रिणीला यायला सांगितलं. ते ऐकायला कठीण गेलं, पण बरोबरच होतं. त्या वेळी त्यांना सोबत हवी होती. माझी दिलगिरी ऐकत बसणं त्यांना नको होतं. मी गटाबरोबर राहिले आणि सगळ्यांच्या मागून चालू लागले.

मधल्या काळात खानावळीला फोन केला. स्वयंपाक्यानं डबी पाहून सांगितलं, मैदा. त्याला अजिबात राग आला नाही. उलट तो म्हणाला की सकाळी कोणी विचारलं असतं तर कडप्पा दिला असता. कुंभकोणम-तंजावरकडचं हे मुगाची डाळ, बटाटा आणि नारळाचं इडलीबरोबरचं कालवण. त्याच्याकडे त्या दिवशी ते बिनहिंगाचं केलेलं होतं. आमच्यापासून दहा पावलांवर चुलीवर पातेलं होतं.

फेरीचं पुढे काय करायचं हा प्रश्न उरला होता. वाद आणि या सगळ्यात मिळून जवळजवळ सव्वा तास गेला होता. बृहदीश्वर दुपारी साडेबाराच्या सुमारास बंद होतं आणि चार वाजता उघडतं. संध्याकाळी कुंभकोणमला जायचं होतं. कॉफी-हलवा, श्वार्ट्झ चर्च आणि मंदिर यांपैकी काहीतरी सोडणं भाग होतं. मी हलवा आणि चर्च दोन्ही सोडलं. चर्चचं वाईट वाटलं. सर्फोजींनी आपल्या गुरूच्या, धर्मोपदेशक श्वार्ट्झच्या स्मरणार्थ तिथं फ्लॅक्समन या इंग्लिश शिल्पकाराकडून संगमरवरी शिल्प करवून घेतलं होतं, आणि एका मराठी राजाची ती कृतज्ञता पाहण्यासारखी आहे. पण लोक शिलालेखासाठी आले होते.

मंदिरात

आम्ही पोहोचलो तेव्हा अकरा चाळीस झाले होते. फेब्रुवारीचा शेवटचा आठवडा होता. सात वाजता जे दगडी आवार थंडगार असतं, ते त्या वेळी तव्यासारखं तापलं होतं आणि आत चपला चालत नाहीत. दोन आजी दाराशीच थांबल्या. एकांना आम्ही हात धरून ओवरीच्या सावलीसावलीनं नेलं. बाकीचे अक्षरशः उड्या मारत गेले. साठ मीटरहून उंच विमान, म्हणजे गाभाऱ्यावरचं शिखर, वर उभं होतं आणि लोक पायाखाली पाहत होते. फेरी रचताना मी शेवट कसा असावा याचा विचार केला, दुपारी दगड किती तापतो याचा केला नाही.

तरीही तिथं एक गोष्ट घडली. शिलालेखापाशी, सावलीच्या एका पट्ट्यात, ताईंनी सांबाराचा विषय स्वतःहून पुन्हा काढला. वाटेत मी त्यांना एवढंच म्हटलं होतं की तुम्हाला जसं पटतं तसं सांगा, गट सांभाळायला मी आहे. त्यांनी आधी भिंतीकडे बोट केलं आणि सांगितलं की हे दगडावर आहे, वर्ष आहे, कोणी कोरून घेतलं ते ठाऊक आहे. सरस्वती महालात सर्फोजींच्या काळातलं पाकशास्त्राचं हस्तलिखित आहे, तेही डोळ्यांनी पाहता येतं. आणि मग म्हणाल्या, "सांबाराची गोष्ट माझ्या आजीनं मला सांगितली. आजीची गोष्ट म्हणून मी ती जपते. कागद म्हणून दाखवू शकत नाही."

काकांनी मान हलवली. सरांनी भर घातली की संभार हा शब्द संस्कृतात सामग्री, साहित्य या अर्थानं जुना आहे आणि विदर्भात कोथिंबिरीला आजही सांबार म्हणतात, तेव्हा शब्दाची वाट दुसरीही असू शकते. सकाळी ज्या दोघांचा आवाज चढला होता, ते दोघं त्या तापलेल्या आवारात शेजारी उभे राहून एकेक ओळ लावत होते. हा शिलालेख मोठा आहे आणि आमच्याकडे वीस मिनिटंच होती.

परिणाम

मुलीला दुपारपर्यंत दोन उलट्या झाल्या, मग पोट शांत झालं. रुग्णालयात जावं लागलं नाही, पण थकवा आणि पोटदुखी तीन-चार दिवस राहिली. आतड्याला आतून काय त्रास झाला असेल हे वरून दिसत नाही, आणि म्हणून "संध्याकाळी बरी झाली" असं म्हणून मी हे मिटवू शकत नाही.

गटानं आपणहून कुंभकोणमचा मुक्काम एका रात्रीनं पुढे ढकलला. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला माझी मैत्रीण तिला बृहदीश्वराला घेऊन गेली. दगड गार होते, आवार जवळजवळ रिकामं होतं. लेख देवनागरीत असल्यानं तिचं मोडी तिथं लागलं नाही, पण तिनं भिंतीपाशी तासभर काढला. आम्ही तिचे आणि आईचे फेरीचे पैसे परत केले. आईनं ते घेतले आणि एक वाक्य म्हणाली, "तुम्ही माहीत नाही म्हणाला असता ना, तर तिनं नुसती इडली खाल्ली असती."

काय वेगळं करता आलं असतं

पहिलं आणि सर्वांत मोठं: "माहीत नाही, विचारून सांगते." एवढं म्हणायला पाच सेकंद लागली असती. गटाचं नेतृत्व करताना प्रत्येक प्रश्नाला लगेच उत्तर देण्याची सवय लागते, लोकांना ते आवडतं, आपल्यालाही आवडतं. खाण्याच्या बाबतीत ही सवय मी आता मोडली आहे.

फॉर्मवरचं वाक्य जसंच्या तसं तक्त्यात जायला हवं होतं. "चपाती नको" हा माझा अर्थ होता, त्यांचं म्हणणं नव्हतं. आता आम्ही सहभागी व्यक्तीचेच शब्द उतरवतो आणि निघण्याच्या दहा दिवस आधी तिच्याशी फोनवर बोलतो. मग प्रत्येक खानावळीला पदार्थवार विचारतो: हिंग कोणतं, तळणीचं तेल वडे आणि पुऱ्या दोन्हींना एकच का, डोशाच्या तव्यावर रवा डोसाही होतो का. यातल्या तेल-तव्याच्या प्रश्नांचा मला तोपर्यंत पत्ताच नव्हता, ते त्या मुलीनं नंतर शिकवले.

ताईंच्या मदतीनं तमिळमध्ये एक कार्ड केलं आहे. त्यावर कोदुमै म्हणजे गहू, मैदा, रवै आणि ठळक अक्षरांत पेरुंगायम म्हणजे हिंग, असे शब्द आहेत. कार्ड वाढप्याच्या हाती देत नाही, स्वयंपाकघरात नेऊन दाखवतो, कारण डबी तिथं असते.

मार्ग उलटा केला. आता सहाला मंदिर, मग नाश्ता, मग राजवाडा. शेवट पूर्वीइतका भारावणारा होत नाही हे मान्य आहे. काही जण राजवाड्यात पोहोचेपर्यंत दमतात आणि मूर्तींच्या दालनाला हवा तेवढा वेळ देत नाहीत. त्यावर अजून तोड सापडलेली नाही. थांबे चारांवरून तीनावर आणले, तरी वेळ पुरतो असं नाही.

ताईंशी आदल्या संध्याकाळी तासभर बसायचं ठरवलं आहे. कोणती गोष्ट दगडावरची, कोणती कागदावरची, कोणती आजीची, हे तिघी मिळून ठरवतो, आणि गटाला पहिल्याच थांब्यावर तसं सांगून टाकतो. गंमत म्हणजे आजीच्या गोष्टी लोक जास्त मन लावून ऐकतात.

एका बाबतीत माझं मत अजून पक्कं झालेलं नाही. मैत्रीण म्हणते, सीलिअॅक किंवा तीव्र अॅलर्जी असलेल्यांना आपण आधीच सांगावं की या फेरीत खाण्याची खात्री देता येत नाही, स्वतःचा डबा आणा. ते सुरक्षित आहे हे मला कळतं. पण बाकीचे पानावर जेवत असताना एकानं डबा उघडून बसायचं, ही फेरी मला काढायची नव्हती. सध्या आम्ही दोन्ही करतो: डबा आणायला सांगतो आणि प्रत्येक थांब्यावर निदान एक पदार्थ डबी-पातेलं पाहून पक्का करतो.

मागच्या फेरीत त्याच खानावळीत गेलो. कार्ड दाखवल्यावर स्वयंपाक्यानं ते नीट वाचलं, फळीवरून एक नवी डबी काढली आणि मागचा भाग माझ्यापुढे धरला. तांदळाचं पीठ. त्या दिवशी गटात सीलिअॅक असलेलं कोणी नव्हतं. मी त्या डबीचा फोटो मुलीला पाठवला. तिनं विचारलं, तांदळाचं पीठ दळलं त्या गिरणीत गहूही दळतात का? मी लिहिलं, माहीत नाही, विचारून सांगते. आणि पुन्हा स्वयंपाकघरात गेले.